आक्कांच्या कॉम्प्युटरवर रोज मंगळवार

मला म्हाताऱ्या माणसांचे कॉम्प्युटर दुरुस्त करायला आवडत नाही. तरुण गिऱ्हाईक निदान खोटं बोलतं, "मी काहीच केलं नाही, आपोआप झालं" म्हणतं, आणि आपण तिथून शोधायला सुरुवात करतो. म्हातारी माणसं सगळं खरं सांगतात, पण इतक्या लांबून सुरुवात करतात की बिघाडापाशी येईपर्यंत आपला जीव जातो. भिवंडीतल्या टेमघरच्या आक्कांनी माझा जीव अकरा दिवस घेतला. त्या पहिल्यापासून बरोबर सांगत होत्या, हे मला अकराव्या दिवशी कळलं. म्हणून तर अजून चिडचिड होते.

आक्का म्हणजे केसरीनाथशेठची थोरली बहीण. लग्नानंतर तीन वर्षांत नवरा गेला आणि त्या माहेरी परत आल्या, त्या कायमच्या. तेव्हा टेमघरला शेत होतं. आक्कांनी तिथं चिखलात उभं राहून भाताची आवणी केलेली. पुढे त्या शेतात शेठने यंत्रमागाच्या तीन शेड बांधल्या, शेजारी दोन मजली बंगला बांधला, आणि आक्कांच्या वाट्याला शेत म्हणून गच्चीवरच्या चार कुंड्या राहिल्या. शेठची बायको पहिल्याच बाळंतपणात गेली. मागे राहिली मुलगी, क्षितिजा. ती आक्कांनी वाढवली. शेठने दुसरं लग्न केलं नाही आणि त्या दिवसाबद्दल घरात कधी कोणी बोललं नाही.

ही क्षितिजा पुण्याला नोकरीला गेली आणि दोन हजार आठ साली तिने ऑफिसमधल्या मुलाशी कोर्टात लग्न केलं. मुलगा जातीतला नव्हता. शेठने आरडाओरडा केला नाही. आक्कांना गावदेवीच्या देवळात नेलं, पायरीवर हात ठेवायला लावला आणि वदवून घेतलं: तिला फोन करायचा नाही, पत्र लिहायचं नाही, भेटायचं नाही. आक्कांनी तिन्ही शब्द दिले. घरी आल्या आणि क्षितिजाच्या जुन्या कॉम्प्युटरसमोर बसून शेती करायला लागल्या.

इंटरनेटवरचा शेतीचा खेळ होता तो. क्षितिजाने लग्नाच्या आधीच आक्कांना शिकवून ठेवला होता. आपलं शेत नांगरायचं, पेरायचं, पिकलं की वेळेत कापायचं, नाहीतर करपून जातं. शेजारी आपल्या ओळखीच्या माणसाचं शेत असतं, तिथं जाऊन पाणी घालता येतं. आक्कांच्या शेजारी एकच शेत होतं, क्षितिजाचं. रोज सकाळी आक्का तिच्या शेताला पाणी घालायच्या आणि रोज दुपारी आपल्या शेताला कोणीतरी पाणी घातलेलं असायचं. दीड वर्ष दोघींचं बोलणं असं चाललं होतं.

"पायरीवर शेताचा शब्द कंदी दिला व्हता मी?" आक्का मला म्हणायच्या. "फोन न्हाय, पत्र न्हाय, भेट न्हाय. शेत त्यात व्हतं का? तूच सांग, धम्मे."

मी धम्मदिना. घरोघर जाऊन कॉम्प्युटर दुरुस्त करते. आक्कांना इंग्रजी येत नसल्यामुळे क्षितिजाच्या शेतातल्या लाकडी पाटीवर काही उमटलं की ते वाचून दाखवण्याचं कामही माझ्याकडेच आलं होतं. उन्हाळ्यात एकदा त्या पाटीवर इंग्रजी अक्षरांतलं मराठी वाचलं मी: "आक्का, नोव्हेंबरात बाळ. मुलगी झाली तर सूर्यफूल पेरीन, मुलगा झाला तर भोपळा." वाचून होताच आक्का उठून आत गेल्या आणि बराच वेळ बाहेर आल्या नाहीत. मला वाटलं आनंद झाला. त्यांना क्षितिजाची आई आठवली होती, हे मला नंतर कळलं.

आणि नोव्हेंबरातल्या एका मंगळवारी तो खेळ उघडायचा बंद झाला.

"धम्मे, लवकर ये. शेताचं दार लागलंय," आक्कांचा फोन. माझ्याशी फोनवर बोलायला बंदी नव्हती.

मी गेले. खेळाचं नाव यायचं, खाली हिरवी पट्टी पुढे सरकायची, पाऊण वाटेवर यायची आणि थांबायची. पुढे नाही, मागे नाही. बातम्यांचं पान उघडत होतं, देवांचे फोटो उघडत होते, हा एक खेळ सोडून सगळं उघडत होतं. मी कॉम्प्युटरचा डबा उघडला. आत कापसाचे तंतू इतके, की एखादी उशी भरावी. भिवंडीत कुठलाही कॉम्प्युटर उघडा, हेच निघतं. शेडमधून उडतात आणि पंख्यावर जाऊन बसतात. ब्रश मारला, फुंकर मारली, माझ्याच नाकात गेले, दहा शिंका काढल्या. खेळ चालवणारं सॉफ्टवेअर काढून परत टाकलं. पट्टी पाऊण वाटेवर थांबली.

"झालं का?" आक्का दर पाच मिनिटांनी विचारत होत्या. मांडीवर मळकट पांढरं कापड होतं, शेडमध्ये विणलेलं. त्याचं दुपटं शिवत होत्या. सुई चालू आणि डोळे पट्टीवर.

"आक्का, झालं की मी ओरडून सांगेन. सारखं विचारू नका."

"बरं." आणि पाच मिनिटांनी, "झालं का गं?"

वाटेल ते करून पाहण्याची सोय नव्हती. पासवर्ड क्षितिजाने कॉम्प्युटरातच साठवून ठेवला होता, तो ना आक्कांना ठाऊक ना मला. सगळं पुसून नव्याने भरावं तर पासवर्ड जाणार. माझ्या दुकानातल्या मशीनवर उघडून बघावं तर पासवर्ड नाही. मी म्हटलं, "माझ्या मोबाइलवरून लावू का क्षितिजाला? एका मिनिटात कळेल."

"नंबर कुठाय माझ्याकडं? आन् असता तरी लावला नसता. देवीच्या पायरीवर हात ठेवलाय."

"आक्का, तिचे दिवस भरलेत. देवी समजून घेईल."

"देवी घेईल गं. मी घेणार न्हाय."

अशा माणसाशी काय वाद घालणार! मी मागांवर खापर फोडलं. तीन शेड एकदम चालतात, व्होल्टेज खालीवर होतं, म्हणून अडतंय. "शुक्रवारी माग बंद असतात," मी म्हटलं, "शुक्रवारी येते. तेव्हा नक्की उघडेल."

शुक्रवारी माग बंद म्हणजे भिवंडीत वेगळाच दिवस. एरवी त्या खडखडाटात आम्ही जन्मापासून ओरडूनच बोलतो, आणि शुक्रवारी सवयीने ओरडतो आणि आपल्याच आवाजाने दचकतो. मी मोठ्या ऐटीत कॉम्प्युटर चालू केला. व्होल्टेज एकदम स्थिर. पट्टी सरकली, पाऊण वाटेवर आली आणि थांबली.

मी ब्रॉडबँडच्या मदतीच्या नंबरवर फोन लावला. आधी वीस मिनिटं संगीत ऐकवलं. मग एक मुलगा म्हणाला, "मॅडम, मोडेम बंद करके चालू कीजिए." केला. "एक बार और कीजिए." केला. "अभी आपके घर के बाहर की लाइन देखनी पड़ेगी, चार दिन में आदमी आएगा." मी म्हटलं, "बाकी सब खुलता है, एक गेम नहीं खुलता, लाइन का क्या देखोगे?" तर म्हणाला, "तो फिर गेमवालों को पूछिए." आणि फोन बंद. गेमवाले कुठे राहतात ते त्यालाही ठाऊक नव्हतं आणि मलाही.

तेवढ्यात आक्का पडद्याच्या खालच्या कोपऱ्याकडे बोट दाखवून म्हणाल्या, "धम्मे, हा आज मंगळवार म्हणतोय."

"काय?"

"इथं वार दिसतो. क्षितूनं ही खालची पट्टी मोठी करून ठेवली मासळीच्या वारासाठी. शुक्रवारला निराळं अक्षर असतंय, एका बाजूला दोन काड्या असलेलं. आज मंगळवारचं हाय. आन् माग तर बंद हायत. सकाळी कोलबी आणलीय मी. मंगळवार कसा असंल?"

माझ्या कानात अजून ते संगीत वाजत होतं. मी म्हटलं, "आक्का, वार बघायला भिंतीवर कॅलेंडर आहे. मला जरा काम करू द्या."

आक्कांनी सुई पुन्हा हातात घेतली. मला आजही ते वाक्य आठवलं की स्वतःच्या थोबाडीत मारावीशी वाटते.

सोमवारी मी दुसरा मोडेम घेऊन गेले. नाही. मेमरीची पट्टी बदलली. नाही. नवी वायर टाकली, आणि ती टाकताना शेठच्या दिवाणखान्याच्या भिंतीचा रंग उडाला, त्याची बोलणी खाल्ली. केसरीनाथशेठ उंच, रुंद आणि कमी बोलणारा माणूस. त्यांची एक खोड सगळ्या टेमघरला माहीत होती. फार पूर्वी शेजारची एक शेड वायर जळून पेटली, कापसासकट तासाभरात राख झाली. तेव्हापासून हे घरातून बाहेर पडताना आणि निजायच्या आधी मेन स्विच खाली ओढतात. घरात कोणी असो, फ्रिजमध्ये काही असो. त्या सोमवारीही माझी वायर जोडून होतेय तोवर मेन खाली आला आणि सगळं ठप्प.

"शेठ, मी काम करतेय!"

"करा की," बाहेरून आवाज आला. "मी आलो की लावतो."

तासभर मी आणि आक्का पंख्याशिवाय बसलो. त्या दिवशी आक्कांचा हात चालत नव्हता. दुपटं मांडीवर तसंच पडलं होतं.

"पोरीची आई सकाळी माझ्याशी हसून बोलली व्हती," आक्का अचानक म्हणाल्या. "दुपारी गेली. मी तवा तिच्यापाशी व्हते. क्षितूपाशी कोण हाय?"

मी म्हटलं, "पुण्यात मोठे दवाखाने आहेत, आक्का." त्या म्हणाल्या, "व्हय," आणि दुपट्याची घडी घातली. मला रडू येत होतं आणि त्या डब्याला लाथ मारावीशीही वाटत होती. एक सूर्यफूल नाहीतर एक भोपळा, एवढंच बघायचं होतं या बाईला. आणि मी हार्डवेअरचा कोर्स केलेली, सहा वर्षं धंद्यात असलेली, मला ते दाखवता येत नव्हतं.

मधल्या दिवसांत मी रोज काहीतरी नवं वाचून यायचे, फोनवरून आक्कांना बटणं दाबायला लावायचे आणि दोघी दमून फोन ठेवायचो. शेवटी पुढच्या शुक्रवारी मी माझ्या दुकानातला स्टॅबिलायझर स्कूटरवर बांधून नेला. कशासाठी, ते मलाही सांगता आलं नसतं. सुचायचं सगळं संपलं होतं.

आक्कांनी कॉम्प्युटर चालू केला. पट्टी सरकली आणि थांबली. आक्का पट्टीकडे बघतच नव्हत्या.

"बग, आजपन मंगळवार," त्या हळू आवाजात म्हणाल्या. "गेल्या शुक्रवारी मंगळवार, काल मंगळवार, परवा मंगळवार. मी रोज बघते. याचा मंगळवार काय सरत न्हाय. पन तू चिडशील म्हणून बोलले न्हाय."

बाहेर माग बंद होते. इतकं शांत होतं की भिंतीवरच्या घड्याळाची टिकटिक ऐकू येत होती. मी कोपऱ्यात बघितलं. मंगळवार. त्याखाली तारीख: एक जानेवारी दोन हजार दोन.

मी आणलेला स्टॅबिलायझर पायाने बाजूला सारला.

कॉम्प्युटरच्या आत घड्याळासाठी एक छोटा सेल असतो, मनगटी घड्याळात असतो तसा. तो मेला होता. वीज असेपर्यंत घड्याळ चालायचं. शेठनी मेन ओढला की ते बिचारं सगळं विसरायचं आणि वीज आली की पुन्हा दोन हजार दोनच्या पहिल्या दिवसापासून सुरुवात करायचं. तो दिवस मंगळवार होता. आणि खेळाच्या दारावर तारीख तपासतात. जवळजवळ आठ वर्षं जुनी तारीख घेऊन आलेल्याला आत सोडत नाहीत. मी उशीभर कापूस काढला, मोडेम बदलला, भिंतीचा रंग उडवला, पण कोपऱ्यात काय लिहिलंय ते वाचलं नाही. आणि जिला इंग्रजी येत नाही ती बाई रोज वाचत होती.

"आक्का," मी म्हटलं, "मी गाढव आहे."

"ते राहू दे. उघडंल का?"

सेल नंतर बसवता येईल म्हणून मी आधी हाताने तारीख बरोबर केली. खालच्या कोपऱ्यात शुक्रवार आला. आक्कांनी बोट लावून ते अक्षर तपासलं. मग खेळ उघडला. पट्टी सरकली, पाऊण वाटेवर आली, आणि पुढे गेली.

आक्कांचं शेत सगळं तपकिरी झालेलं. ते अपेक्षितच होतं, त्यांनी तिकडे बघितलंही नाही. "शेजारी चल, शेजारी चल," त्यांनी माझा दंड धरला. मी क्षितिजाच्या शेतावर गेले.

तेही तपकिरी होतं. या टोकापासून त्या टोकापर्यंत सगळं करपलेलं. त्या खेळात करपलेलं पीक सगळं एकसारखंच दिसतं. भात असो, सूर्यफूल असो की भोपळा असो, माना टाकलेल्या काड्या नुसत्या. पाटीवर उन्हाळ्यातलंच जुनं वाक्य.

"काय पेरलं व्हतं?" आक्कांनी विचारलं.

"कळत नाही, आक्का."

"कापलं का न्हाय तिनं?" आवाज चढला. "दीड वर्षांत एक दिस करपू दिलं न्हाय पोरीनं. ती धड असती तर तिनं पीक असं सोडलं असतं का? धम्मे, बोल की!"

तेवढ्यात मागे पावलं वाजली. केसरीनाथशेठ खारबावला जायला निघाले होते, हातात गाडीची किल्ली, मेन ओढायला दिवाणखान्यात आलेले. ते थांबले. आमच्या डोक्यांवरून पडद्याकडे बघितलं.

"हे कुठलं?" त्यांनी विचारलं. "तुझं का तिचं?"

आक्का मागे वळल्या नाहीत. "तिचं."

"सूर्यफूल का भोपळा?"

आम्ही दोघी वळून त्यांच्याकडे बघायला लागलो.

"काय बघताव? दीड वर्ष माझ्या घरात बसून बोलताव तुम्ही दोघी. मागांमुळं सगळं ओरडून बोलताव. मना कान न्हाईत का?" ते पडद्याजवळ आले, वाकले. शेतकऱ्याचा मुलगा, करपलेलं पीक त्यांना आमच्याआधी वाचता यायला हवं होतं. बराच वेळ त्यांनी त्या काड्या न्याहाळल्या. "यातून काय समजायचं माणसानं?" ते एकदम खेकसले. "काय कळत न्हाय यातून! असला कसला निरोप!"

आणि त्यांनी खिशातून मोबाइल काढला. नंबर शोधावा लागला नाही. मी शेजारीच होते, मला दिसलं, नाव 'क्षितू' असंच होतं.

घंटी गेली. एक, दोन, तीन. चौथ्या घंटीला तिकडून आवाज आला, "बाबा?"

शेठनी फोन आक्कांपुढे धरला. आक्कांनी हात मागे घेतले.

"मी शब्द दिलाय," त्या म्हणाल्या. "पायरीवर."

मी कपाळावर हात मारून घेतला. शेठ म्हणाले, "फोन मी केलाय, आक्का. तू नुसती बोल."

आक्कांनी दोन्ही हातांनी फोन धरला. "क्षिते! धड हायस ना गं?"

तिकडून हसल्याचा की रडल्याचा आवाज आला आणि त्याच्या मागे आणखी एक, बारीक, चिरका. "आहे, आक्का. दोघी आहोत. सूर्यफूल. याच्याकडून सगळं शेत पेरून घेतलं मी दवाखान्यातून. तू पाणी घालायलाच आली नाहीस. तू बघावंस म्हणून कापायचं ठेवलं होतं. मला वाटलं, रागावलीस."

"कंदी झाली?"

"गेल्याच्या गेल्या मंगळवारी."

आक्कांनी माझ्याकडे बघितलं. "ऐकलंस? मंगळवार. हा कवाधरनं बोंबलून सांगत व्हता."

आक्का परत फोनमध्ये विचारत होत्या, पाचवी पुजली का, पोरीला टाळू भरता का, तुला जेवायला कोण घालतं. शेठ बोटांच्या पेरांवर काहीतरी मोजत होते. दोनदा मोजलं. "मंगळवार धरून उद्या बारावा," ते म्हणाले. "उद्या बारसं."

आक्कांनी फोन खाली केला. "भेटायचं न्हाय असंपन वदवून घेतलंस."

"गाडी मी काढतोय. तू नुसती बस."

"आन् देवीला?"

"देवीला मी बघतो परत आल्यावर. माझाच हात धरील ती, तुझा न्हाय."

दहा मिनिटांत आक्का नेसून तयार. दुपट्याची शेवटची कड शिवायची राहिली होती, सुईदोरा तसाच खोचून त्यांनी ते बोचक्यात घातलं, वाटेत पुरं करीन म्हणाल्या. मी खाली बसून डबा उघडला. नवा सेल माझ्या चिमटीत होता, जुना उपसून काढायचा तेवढा बाकी होता. शेठ चपला घालून निघाले आणि जाता जाता, सवयीने, मेन खाली ओढला.

पंखा थांबला. पडदा काळा झाला. घड्याळ पुन्हा दोन हजार दोनमध्ये जाऊन बसलं असणार. एरवी मी घर डोक्यावर घेतलं असतं. त्या दिवशी मी सेल पाकिटात परत टाकला, आक्कांचं बोचकं उचललं आणि गाडीपर्यंत नेऊन दिलं.